‘अंबर’ ह्या नांवाचा अर्थ व परंपरा

निजामशाहीचा पेशवा मलिक अंबर ह्याचें नांव महाराष्ट्राच्या इतिहासांत इतक्या वेळां येतें कीं, त्या नांवाचा अर्थ काय, हा प्रश्न वाचकाच्या मनांत सहसा उभाच राहत नाहीं. कारण उघड आहे. अंबर म्हणजे आकाश, अंबर म्हणजे वस्त्र, हें मराठी मनुष्यास शिकवावें लागत नाहीं. पीतांबर, दिगंबर, नीलांबर ह्या नांवांच्या पंगतींत अंबर हें सहज बसून जातें. हबशी मनुष्याचें नांव संस्कृत कसें, अशी शंका क्वचित् कोणी काढलीच, तर तो एखादा किताब असेल असें म्हणून ती तेथेंच मिटविण्यांत येते. आमच्या मतें ही शंका अशी मिटविण्याजोगी नाहीं. हें नांव अरबी आहे. त्याचा आकाशाशीं कांहीं संबंध नाहीं. आणि तें ज्यास मिळालें त्याचा पूर्ववृत्तान्त त्या एका शब्दांत सांठविलेला आहे. शिवाय जुन्या कागदांचा काल व धनी ठरवितांना ह्या नांवानें संग्राहकांची फसगत होण्याचा संभव आहे, म्हणून त्याचा थोडा विस्तारानें विचार करणें इष्ट वाटतें.

प्रथम लेखन व उच्चार पाहूं. अरबींत व फारशींत हें नांव ऐन, नून, बे, रे ह्या चार अक्षरांनीं लिहितात. म्हणजे अक्षरशः तें ‘अन्बर’ असें होतें. परंतु अरबी उच्चारशास्त्राचा असा नियम आहे कीं, स्वररहित नूनपुढें बे आल्यास नूनचा उच्चार मकारासारखा करावा. म्हणून लिहावयाचें अन्बर आणि बोलावयाचें अम्बर. आपल्या लिपींत बकारापूर्वीं अनुस्वार आला म्हणजे त्याचाही उच्चार मकारच होतो. दोन निरनिराळ्या भाषांचे नियम येथें एकाच ठिकाणीं येऊन मिळाले, आणि परक्या शब्दास देशी वेष चढविण्यास कोणास मुद्दाम खटपट करावी लागली नाहीं. परमानंदाच्या शिवभारतांत भातवडीच्या युद्धप्रसंगीं मलिक अंबर येतो, तेव्हां संस्कृत श्लोकांत बसण्यास ह्या नांवास कसलीच अडचण पडत नाहीं; आदिलशाही व निजामशाही सरदारांच्या इतर किती तरी नांवांस संस्कृत कवीच्या हातून केवढी तोडमोड सोसावी लागली, हें ज्यांनीं तो ग्रंथ वाचला आहे त्यांस ठाऊक आहेच.

हाच नियम जंजिऱ्याच्या सिद्दी संबूलाच्या नांवासही लागू आहे. तें मूळचें ‘सुन्बुल’. सुन्बुल म्हणजे धान्याचें कणीस, आणि त्यावरून जटामांसी हें सुगंधी मूळ. मराठींत तें कोठें संबूल, कोठें संबळ असें लिहिलेलें आढळतें. परंतु गोंधळ्याच्या संबळाशीं किंवा पैशाच्या संबळीशीं त्याचा संबंध जोडूं नये. तसेंच अंबर, अंबार व अंबारी हे तीन शब्दही एकमेकांपासून वेगळे ठेवले पाहिजेत. पन्हाळ्याच्या अंबारखान्यांतील ‘अंबार’ हा धान्याच्या कोठाराचा वाचक फारशी शब्द आहे; इराकांतील अन्बार ह्या स्थलनामांतही तोच आहे व त्याच्या आरंभीं ऐन नाहीं, अलिफ आहे. हत्तीवरची ‘अंबारी’ ही फारशी ‘अमारी’वरून आली. तींत ऐन आहे, परंतु बे मुळींच नाहीं. तो बकार आपल्या उच्चारानें मागाहून घातला.

आतां अर्थ. अन्बर हा मूळ समुद्राकडचा शब्द. अरबी कोशकार त्याचे दोन मुख्य अर्थ देतात: एक प्रचंड मासा व एक सुगंधी द्रव्य. त्या माशाच्या कातड्याची ढाल करीत, म्हणून ढालीसही अन्बर म्हणत, असा तिसरा अर्थही ते नोंदवितात. माशाचा उल्लेख हदीसग्रंथांत आहे. अबू उबैदा ह्याच्या हाताखालीं किनाऱ्याकडे गेलेल्या एका टोळीचें अन्न संपलें व माणसांवर झाडाचीं पानें खाण्याची पाळी आली. तेव्हां समुद्रानें बाहेर टाकलेला एक अवाढव्य मासा त्यांस सांपडला आणि त्यावर त्यांनीं कित्येक दिवस काढले. त्या माशास तेथें अन्बर म्हटलें आहे. सुगंधी द्रव्य अन्बर हें त्याच जातीच्या देवमाशाच्या आंतड्यांत होतें, ही गोष्ट आज निश्चित झाली आहे; परंतु पूर्वीं तिजबद्दल भलतींच मतें प्रचलित होतीं. कोणी म्हणे तें समुद्राच्या तळच्या झऱ्यांतून निघतें, कोणी म्हणे तें एखाद्या प्राण्याची विष्ठा, कोणी म्हणे समुद्रांत वाहून आलेलें मेण. अबुल फजलानें ऐने अकबरींत सुगंधद्रव्यांच्या प्रकरणांत ह्या मतांचा संग्रह केला आहे. उत्कृष्ट अंबर तें ‘अशहब’, म्हणजे पांढुरकें. काळें तें हीन, अशी गंध्यांची प्रतवारी होती. हा रंगाचा मुद्दा पुढें आपल्या कामीं येणार आहे.

हा माल कोठून येई, हेंही ध्यानांत घेण्यासारखें आहे. दहाव्या शतकांतील मसऊदी हा ग्रंथकार झंजच्या किनाऱ्यावरील, म्हणजे पूर्व आफ्रिकेच्या किनाऱ्यावरील, व अरबस्थानच्या शिहर बंदराकडील अंबराचें वर्णन करतो. ज्या समुद्रांतून अंबर येई त्याच समुद्रावरून गुलामांचीं तारवें चालत. व्यापारी पुष्कळ वेळां तेच, बाजारही तेच.

युरोपीय भाषांनीं हा शब्द अरबीवरूनच उचलला, व पुढें तृणमण्यासही तेच नांव दिलें. मग दोहोंत भेद राखण्यासाठीं एकास करडा अंबर व दुसऱ्यास पिवळा अंबर म्हणावें लागलें. आपल्याकडेही हा शब्द फार पूर्वीं आला असावा. संस्कृत कोशांत ‘अम्बर’ शब्दाच्या अर्थांत आकाश व वस्त्र ह्यांबरोबर एक सुगंधी द्रव्य असाही अर्थ दिलेला असतो. वामन शिवराम आपटे ह्यांच्या कोशांतही तो आहे. म्हणजे कोणी आग्रहानें म्हणूं लागला कीं मलिक अंबराचें नांव संस्कृत कोशांत आहे, तर त्याचें म्हणणें एका अर्थीं खरें ठरेल. मात्र कोशांतला तो अर्थ अरबी गलबतांतून उतरलेला आहे. अत्तरवाल्यांकडे शमामतुल अंबर अजून मिळतें. खुद्द अंबराचा व्यापार मात्र वन्यजीव संरक्षणाच्या १९७२ च्या कायद्यानें बंद आहे, आणि कोंकणांत ‘देवमाशाची उलटी’ विकतांना कोणी पकडला गेल्याची बातमी मधून मधून छापून येते, ती ह्याच द्रव्याची.

मनुष्याचें नांव म्हणून अन्बर हें प्रथम गुलामाचें नव्हतें, हें विशेष लक्षांत ठेवावें. अरबांच्या तमीम ह्या मोठ्या जमातींत बनू अल्-अन्बर नांवाचें एक कुल होतें, व तें आपली उत्पत्ति तमीमाचा नातू अल्-अन्बर ह्याजपासून सांगे. ह्या कुलास बोलण्यांत ‘बल्अन्बर’ असें संक्षिप्त नांव होतें. अबू तम्माम ह्यानें नवव्या शतकांत संकलित केलेल्या ‘हमासा’ ह्या प्रसिद्ध काव्यसंग्रहाचा आरंभ ह्याच कुलांतील एका कवीच्या कवितेनें होतो. तेव्हां वाळवंटांत हें नांव एका मानी कुलाच्या मूळपुरुषाचें होतें. तें नगरांतल्या बाजारांत जाऊन गुलामाचें कसें झालें, हा आमच्या विषयाचा गाभा आहे.

अरबांची नांवें ठेवण्याची रीत आपणांस चमत्कारिक वाटेल. ते मुलांचीं नांवें कुत्रा, लांडगा, कडू फळ, खडक अशा अर्थाचीं ठेवीत, व गुलामांचीं मात्र लाभ, सुख, यश अशा अर्थाचीं. असें कां, म्हणून कोणी विचारतां एका अरबानें उत्तर दिलें कीं, मुलांचीं नांवें शत्रूंसाठीं असतात व गुलामांचीं आमच्या स्वतःसाठीं. ही आख्यायिका इब्न दुरैद ह्यानें नांवांच्या व्युत्पत्तीवरील आपल्या ग्रंथांत दिली आहे. तिचें मर्म असें: गुलामास दिवसांतून शंभर वेळां हाक मारावयाची; ती मारतांना आपल्या तोंडून शुभ शब्द निघावा, घरांत लाभ आणि सुख वावरावें. ह्यांत एक अडचणही होती. लाभ नांवाचा गुलाम बाहेर गेला असतां ‘लाभ आहे काय?’ ह्या प्रश्नास ‘नाहीं’ असें अशुभ उत्तर येणार. म्हणूनच रबाह, यसार, नाफे, अफ्लह अशीं नांवें गुलामांस ठेवूं नयेत, असा निषेध हदीसांत आहे. निषेधावरून चाल उघड होते.

पुढें नगरें वाढलीं, महालांतून खोजे व गुलाम ह्यांची संख्या वाढली, तशीं शुभवाचक नांवांबरोबर मौल्यवान् वस्तूंचीं नांवें आलीं. काफूर म्हणजे कापूर, याकूत म्हणजे माणिक, जौहर म्हणजे रत्न, लुलू म्हणजे मोतीं, मर्जान म्हणजे पोवळें, रैहान म्हणजे सब्जा, संदल म्हणजे चंदन, आणि आपलें अंबर. कोणा श्रीमंताच्या घरची पेटी उघडावी तशी ही यादी आहे. धनी आपल्या मालमत्तेस मालमत्तेचेंच नांव देत होता. ह्यांत कौतुक होतें, प्रेमही कित्येक ठिकाणीं असेल; पण बापाचें नांव नव्हतें. स्वतंत्र अरबाच्या नांवामागें बापाचें, आजाचें, जमातीचें अशी सांखळी असते; गुलामाची ती सांखळी तुटलेली असल्यामुळें पुष्कळदां ‘अब्दुल्ला’, म्हणजे ईश्वराचा दास, हा नांवाचाच बाप त्यास जोडीत.

ह्या नांवांचे पुरुष मोठ्या पदास चढल्याचीं उदाहरणें विपुल आहेत. फातिमी सेनापति जौहर ह्यानें ९६९ सालीं कैरो नगर वसविलें. काफूर हा काळा खोजा ९६८ पर्यंत मिसर देशाचा राज्यकर्ता होता. काळ्या मनुष्यास कापूर हें नांव देण्यांत धन्याचा विनोद होता हें सांगावयास नको. परंतु आमच्या प्रयोजनास सर्वांत उपयोगी उदाहरण याकूत अल्-हमवी ह्याचें. हा जन्मानें ग्रीक. लहानपणीं गुलाम होऊन बगदादेस आला, तेथें अस्कर अल्-हमवी नांवाच्या एका व्यापाऱ्यानें त्यास विकत घेतलें, शिकविलें व हिशेबाच्या आणि व्यापाराच्या कामीं लाविलें. पुढें मुक्त होऊन तो भूगोलशास्त्रज्ञ झाला व त्यानें ‘मुअजमुल् बुल्दान’ हा स्थलकोश रचला. तो १२२९ सालीं हलब येथें वारला. ह्या विद्वानास आपलें नांव सलत होतें. मान्यता मिळाल्यावर त्यानें ‘याकूत’चें ‘याकूब’ करून घेतलें, असें इब्न खल्लिकान लिहितो. याकूब हें पैगंबराचें, स्वतंत्र माणसाचें नांव. कानाला फरक फारसा नाहीं, पण प्रतिष्ठेंत केवढें अंतर! लोकांनीं मात्र तें मानलें नाहीं. आजही जग त्यास याकूत म्हणूनच ओळखतें.

आतां मलिक अंबराकडे वळूं. तो सुमारें १५४८ मध्यें हबसाणांत जन्मला व त्याचें जन्मनाम चापू असें होतें. १६१७ मध्यें दक्षिणेंत त्याची प्रत्यक्ष गांठ घेणारा डच व्यापारी पीटर व्हान डेन ब्रूक हा, तो मोख्याच्या बाजारांत विकला गेल्याचें नमूद करतो. तेथून तो बगदादेस मीर कासिम नांवाच्या व्यापाऱ्याच्या हातीं गेला. त्यानें मुलाची बुद्धि ओळखून त्यास शिक्षण दिलें, इस्लामची दीक्षा दिली आणि ‘अंबर’ हें नांव ठेविलें. याकूताच्या व ह्याच्या चरित्राचा आरंभ किती जुळतो, हें वाचकांच्या लक्षांत आलेंच असेल. त्यानंतर तो दक्षिणेंत निजामशाहीचा पेशवा चंगीजखान ह्याजकडे आला. हा धनीही पूर्वाश्रमींचा हबशी गुलामच. चंगीजखान वारल्यावर त्याच्या विधवेनें अंबरास मुक्त केलें.

चापूचा अंबर कां झाला? कापराच्या नांवांत जो विनोद होता तो येथें नाहीं. येथें रंग जुळविलेला आहे. फारशी कवितेंत अंबर हें काळेपणाचें व सुवासाचें एकत्र उपमान आहे. प्रियेचे केस अंबरी, गालावरचा तीळ अंबराचा. काळा पण मोलाचा, असा त्या नांवाचा धन्याच्या मनांतील अर्थ असणार. तो मनुष्य राज्य चालवूं लागला तेव्हां शत्रूंनीं त्यांतील काळेपणा तेवढा उचलला. जहांगीर आपल्या आत्मचरित्रांत त्याचा उल्लेख करतांना काळ्या तोंडाचा, काळ्या नशिबाचा अशा अर्थाचीं विशेषणें लावतो. अबुल हसन ह्या चित्रकाराकडून त्यानें सुमारें १६१६ मध्यें काढविलेलें एक चित्र डब्लिनच्या चेस्टर बीटी ग्रंथालयांत आहे. त्यांत भाल्याच्या टोकावर अंबराचें तुटलेलें मस्तक, त्यावर घुबड, व बादशहा त्यास बाण मारीत आहे. प्रत्यक्षांत तें मस्तक मोगलांच्या हातीं कधींच लागलें नाहीं. अंबर १६२६ च्या मे महिन्यांत, सुमारें ऐंशी वर्षांचा होऊन, आपल्या मरणानें मेला. त्याची कबर खुलदाबादेस आहे. त्याच्या मरणानंतर जहांगीराचाच इतिहासकार मुतमदखान ह्यानें ‘इक्बालनामा’ ग्रंथांत लिहिलें तें स्तुतिपर आहे. हबशी गुलाम एवढ्या योग्यतेस चढल्याचें दुसरें उदाहरण नाहीं, असा त्याचा अभिप्राय. सुगंध ओळखण्यास बादशहापेक्षां त्याचा बखरनवीस अधिक तयार होता असें म्हणावें लागतें.

याकूतानें नांव बदलण्याची खटपट केली. अंबरानें केली नाहीं. १६०० सालीं अहमदनगर मोगलांनीं घेतल्यावर त्यानें दुसऱ्या मुर्तजास परांड्यास गादीवर बसविलें, आपली मुलगी त्यास दिली, व पुढें राज्याचा सर्व कारभार हातीं घेतला. तेव्हां त्यास लांबलचक किताब धारण करण्यास कोण आडवें येणार होतें? तरी त्याचें नांव ‘मलिक’ ह्या एका पदवीपलीकडे गेलें नाहीं. १६१० मध्यें वसविलेल्या खडकीस त्यानें जें पाणी आणलें तो ‘नहरे अंबरी’. त्यानें बसविलेली जमाबंदी आपल्या कागदांत ‘मलिकंबरी’. बाजारांत ठेविलेलें नांव त्यानें शेताच्या धाऱ्यावर व शहराच्या पाण्यावर घातलें. मुलाच्या बाबतींत मात्र त्यानें गुलामी नांवांची परंपरा चालविली नाहीं: मुलगा फत्तेखान झाला, व त्यानें बापामागें खडकीचें फत्तेनगर केलें. तें नांव टिकलें नाहीं. औरंगजेबानें तें पुसून औरंगाबाद केलें. त्या शहराचें नांव अलीकडे, २०२३ मध्यें, पुनः बदलून छत्रपति संभाजीनगर झालें. नहर मात्र अंबराचीच राहिली.

येथें एक जोड सहज सुचते. भातवडीच्या लढाईंत, १६२४ सालीं, अंबराच्या बाजूनें लढतांना मालोजी भोसल्यांचा धाकटा मुलगा शरीफजी पडला. शहाजी व शरीफजी हीं नांवें अहमदनगरच्या शाह शरीफ ह्या साधूवरून ठेविलीं अशी आपल्याकडील बखरींची परंपरा आहे. ‘शरीफ’ हा शब्दही अरबीच. त्याचा अर्थ कुलीन, थोर वंशांत जन्मलेला. ज्याचें नांव कुलीन तो मराठा शिलेदार, ज्याचें नांव बाजाराचें त्या हबशी सेनापतीच्या निशाणाखालीं मेला. दोघांच्याही नांवांचा अर्थ त्या दिवशीं रणांत कोणाच्या मनांत असेल असें वाटत नाहीं.

राहिला संग्राहकांचा व्यावहारिक प्रश्न. वर दिलेली रत्नांची व सुगंधांची यादी दक्षिणेच्या इतिहासांत जशीच्या तशी उतरलेली दिसेल. पन्हाळ्यास १६६० मध्यें वेढा घालणारा सिद्दी जौहर, बेदरचा किल्ला १६५७ मध्यें औरंगजेबाविरुद्ध लढवितांना मेलेला सिद्दी मर्जान, विजापुरचा मलिक रैहान, जंजिऱ्याचे संबूल आणि याकूतखान: हीं सर्व त्याच पेटींतलीं नांवें. ह्याचा अर्थ असा कीं, हीं व्यक्तिविशेषाचीं नांवें नसून एका वर्गाचीं नांवें आहेत, व तीं वारंवार येणारच. खुद्द अंबराच्या हयातींतच जंजिऱ्याकडे दुसरा एक सिद्दी अंबर होता. म्हणून कागदांत नुसतें ‘अंबर’ किंवा ‘सिद्दी अंबर’ दिसलें कीं तो मलिक अंबराचा कागद ठरवून मोकळें होणें हें सर्वथा अनुचित होय. ‘मलिक’ ही पदवी, सन, महिना, ठिकाण, आणि कागद कोणत्या सत्तेचा आहे, हीं सर्व जुळलीं तरच तसें म्हणावें.

वाचनांतही जपावें. मोडींत ऱ्हस्वदीर्घाचा भेद न पाळल्यामुळें ‘मलीक’ लिहिलेलें असतें, व अनुस्वार पुष्कळदां गाळलेला असतो. तेव्हां ‘मलीकबर’ अशीं अक्षरें दिसल्यास तीं परकीं समजून सोडून देऊं नयेत. फारशी शिकस्त लिपींत नुक्ते गाळले असतां नून व बे ह्यांचे दोन सारखे दांत तेवढे उरतात. तेथें आरंभींचा ऐन हीच मुख्य खूण. देवनागरी नक्कल करतांना कांहीं नकलनवीस ‘मलिकांबर’ असा संधि करतात. तो संस्कृताच्या दृष्टीनें निर्दोष आहे, परंतु मूळ कागदांत ‘मलिकंबर’ असेल तर तेंच ठेवावें. आंतला दीर्घ आकार नकलनवीसाच्या मनांतील पीतांबरानें आणलेला असतो, कागदानें नव्हे.